ओढ्यापलीकडची चाळीस घरं

लातुरात कोचिंगच्या गल्लीत कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान चालवायचं म्हणजे अर्धा दिवस पोरांचं खोटं ऐकण्यात जातो. "काका, लेक्चरचे व्हिडिओ अडकायलेत, जरा बघा." बघतो तर लॅपटॉपमध्ये साठ जीबीचा खेळ. तलवारी, घोडे, डोंगर-दऱ्या, मोकळं जग, वाटेल तिकडं फिरा. डॉक्टर व्हायला आलेली पोरं ही. दिवसा पेशी आणि ऊती पाठ करायच्या आणि उरलेल्या वेळात राक्षस मारायचे. मी कुणाच्या बापाला सांगत नाही. पण हरल्यावर मशीनला शिव्या देतात तेव्हा डोकं फिरतं. नाचता येईना अंगण वाकडं.

खरं म्हणजे अंगणही थोडं वाकडं असतंच. असले मोठे खेळ कंपन्या घाईघाईनं बाजारात सोडतात. पडद्यावर सेकंदाला साठ चित्रं सरकली तर खेळ गुळगुळीत चालतो, तीसवर भागतं, दहाच्या खाली गेला की माणूस गचके खात चालतो आणि बघणाऱ्याला मळमळतं. मग महिन्या-दोन महिन्यांनी कंपनी पॅच पाठवते, म्हणजे दुरुस्तीचा तुकडा. तो टाकला की तोच खेळ त्याच जुन्या मशीनवर नीट पळतो. पोरांना वाटतं, काकांच्या हाताला गुण आहे. मी म्हणायचो, "गुण-बिण काही नाही रे. ओझं उतरवलं की बैल चालतो." हे मी इतक्या तोऱ्यात म्हणायचो, की आज आठवलं तरी स्वतःच्या थोबाडीत मारून घ्यावीशी वाटते.

माझं गाव तेरणखेड, निलंग्याकडचं. म्हणजे होतं. त्र्याण्णवच्या भूकंपात ते गेलं. सरकारनं तीन किलोमीटरवर नवं तेरणखेड बांधून दिलं, सरळ रस्ते आणि एकासारखी एक घरं. जुन्या जागेवर आता बाभळी आहेत. मी तेव्हा सतरा वर्षांचा, बारावीच्या शिकवण्यांसाठी लातुरात खोली करून राहत होतो, म्हणून वाचलो. माझे वडील माधवराव मास्तर घरातच गेले. आई, गोदावरी, सकाळी ढिगाऱ्यातून जिवंत निघाली. त्या वर्षी मी बारावी नापास झालो. ज्या शिकवणीनं जीव वाचवला तिचं एवढंही ऋण मला फेडता आलं नाही.

दोन-तीन वर्षांपूर्वी एका खेळाबरोबर एक फुकटचं साधन मिळालं. त्या खेळाच्या जगात आपल्याला हवी ती जागा आपण बांधू शकतो. खेळातला एक माळ मला आमच्या गावच्या उतारासारखा वाटला आणि मी त्यावर जुनं तेरणखेड बांधायला घेतलं. आधी आमचं घर, मग मारुतीचा पार, शाळा, महादेवाचं देऊळ. गावची माणसं लातुरात कामाला आली की दुकानात टेकायची आणि चुका काढायची. भुजंग पाटलाच्या ओसरीला तीन खांब होते, दोन नाही. विहिरीचा रहाट डावीकडं होता. म्हातारे पडद्याकडं बघून रडायचे आणि मला आशीर्वाद द्यायचे. मीही फुगलो होतो, खोटं कशाला बोलू.

आई मात्र कधी बघायला आली नाही. गेल्या ज्येष्ठात तिला डॉक्टरांकडं नेलं. काचबिंदू, आणि फार उशीर झालेला. कडेचं दिसणं गेलंच होतं, मधलं तेवढं उरलं होतं, तेही दिवाळीपर्यंत टिकेल की नाही सांगता येत नाही, असं डॉक्टर म्हणाले. घरी आल्यावर आई म्हणाली, "श्रीनाथ, तू गाव बांधलास म्हणतेत. मला एकदा त्यातून चालव. डोळे हायेत तवर."

दुसऱ्या दिवशी तिला दुकानात आणून खुर्चीवर बसवलं. वरच्या बाणाचं बटण तिच्या बोटाखाली दिलं. दाबलं की चालायचं, सोडलं की थांबायचं, बाकी वळणं मी बघतो म्हणालो. ती आमच्या दारातून निघाली आणि दहा पावलांत तिला गरगरलं. गाव फार जड झालं होतं. सेकंदाला सहा चित्रं. पारापर्यंत पोहोचायच्या आत तिनं डोळे मिटले, तोंडाला पदर लावला आणि मोरीकडं धावली.

मग मी ओझं उतरवायला बसलो. कोंबड्या काढल्या, गुरं काढली, लिंबाच्या झाडांची निम्मी पानं काढली. काही फरक पडेना. तेव्हा माझी नजर ओढ्यापलीकडं गेली. तिकडं बौद्ध वस्ती होती, चाळीस घरं. ती मी नीट बांधलीच नव्हती. एक झोपडं करून त्याचीच नक्कल चाळीस वेळा डकवली होती, कारण मला त्यातलं एकही घर आठवत नव्हतं. आठवणार कुठून? मी ओढा कधी ओलांडलाच नव्हता. आमच्या घरी विटाळ-बिटाळ मानत नव्हते, हे मी आजवर पन्नास जणांना सांगितलंय. वडिलांच्या वर्गात तिकडची पोरं पुढच्या ओळीत बसायची. पण ओढा ओलांडायची गरज पडली नाही, असं आपलं माझं म्हणणं. चाळीसच्या चाळीस घरं निवडली आणि एक बटण दाबलं. सहाची सात चित्रं झाली, तेवढ्यावर मला जोर आला. मग शेजारच्या गल्ल्या पातळ केल्या, पाटलाची ओसरी गेली, शाळेची कौलं गेली. आमच्या घराला तेवढा हात लावला नाही. आपला तो बाब्या.

कसंबसं चौदावर आलं. आषाढात आईला पुन्हा बसवलं.

या वेळी तिला मळमळलं नाही. दारातून निघाली, पार मागं टाकला. मला वाटलं महादेवाला जाईल, म्हणून मी देवळाकडं वळवायला लागलो, तर म्हणाली, "तिकडं न्हाई. खाली. ओढ्याला." ओढ्याच्या काठावर तिनं बटण सोडलं. मान एकदा इकडं, एकदा तिकडं वळवली. तिला कडेचं दिसत नसल्यामुळं ती सगळंच मान वळवून बघायची.

"पलीकडं काहीच कसं न्हाई?"

"तिकडचं काढलं आई. मशीनला ओझं व्हायलं होतं."

"जगदेवीचं घर?"

"कोण जगदेवी?"

आईनं माझ्याकडं असं बघितलं, की डॉक्टरांचं सगळं खोटं असावं, हिला लख्ख दिसतंय, असं वाटलं. मग तिनं सांगितलं. सव्वीस वर्षांत पहिल्यांदा.

जगदेवी आमच्या परसात यायची. परसातली ती बाई मला आठवली, नाव मात्र मी कधी विचारलंच नव्हतं. आईपेक्षा दोन-चार वर्षांनी मोठी. सरपण आणायची, बाळंतपणात आईचं अंग शेकायची, माझं अंग चोळायची. सतरा वर्षं आली, पण परसातच. मागच्या उंबऱ्याच्या आत तिनं कधी पाऊल टाकलं नाही आणि आईनं कधी ये म्हटलं नाही. भूकंपाच्या सकाळी उजाडलं तेव्हा आई कमरेपर्यंत दगडामातीत होती. ओढ्यापलीकडची माणसं धावत आली. जगदेवीनं हातांनी उकरून आईला काढलं. नखं निघाली होती तिची.

"भाईर आले न् तिला म्हणले, मास्तर आत हायेत गं, मधल्या घरात, जा बघ," आई म्हणाली. "सतरा वर्सांत कधी आत ये म्हणले न्हाई. त्या दिवशी मीच म्हणले, आत जा. ती गेली. पुन्हा हादरा बसला न् मधली भिंत तिच्या अंगावर आली."

मी पडद्यावरच्या ओढ्यापलीकडच्या मोकळ्या माळाकडं बघत राहिलो.

"मला तिच्या दारात जायचंय," आई म्हणाली. "दुसरीकडं कुटंच न्हाई. तिचं घर मी कधी बघितलं न्हाई. तिचा लिंबाजी नांदेडला पाटबंधाऱ्यात हाय म्हणतेत. त्याला इचार घर कसं होतं ते."

दोन दिवसांनी मी पेन ड्राइव्ह खिशात टाकून नांदेडच्या एसटीत बसलो. वाटेत लोहा गाव येईपर्यंत मनात वाक्यं जुळवत होतो, त्यातलं एकही कामाला आलं नाही. लिंबाजीचं घर विष्णुपुरीच्या रस्त्याला, नीटनेटकं, पुढं जास्वंद. लिंबाजी वडिलांचा विद्यार्थी, माझ्याहून सात-आठ वर्षांनी मोठा. मी नाव सांगितल्यावर फाटक उघडून म्हणाला, "मास्तरांचा श्रीनाथ? या, आत या." चहा आला. मी सगळं सांगितलं, काहीही न झाकता. त्याची मुलगी पंचशीला दाराशी उभी राहून ऐकत होती. ती विष्णुपुरीच्या इंजिनिअरिंग कॉलेजात शेवटच्या वर्षाला.

"म्हणजे आमची घरं तुमी काढून टाकली," लिंबाजी म्हणाला.

"ओझं होत होतं म्हणून..."

"गावात सगळ्यात हलकी घरं आमचीच होती की. कुडाच्या भिती, वर पत्रे. म्हणून तर आमी वाचलो न् तुमाला उकराया आलो." त्यानं चहाचा कप खाली ठेवला. "न् बाईंना घर दाखवाया कंप्युटर कशाला? लातूरहून गाडी येती की हितं."

"आईच्या डोळ्यांचं..."

"सव्वीस वर्सं डोळे चांगले होते त्यांचे."

पंचशीलानं मध्येच हात पुढं केला. "पेन ड्राइव्ह द्या काका." तिला या खेळांचं वेड होतं आणि ते पोरांसारखं नुसतं खेळण्याचं नव्हतं. कॉलेजच्या प्रोजेक्टलाही तिनं हाच विषय घेतला होता, खेळ का अडखळतात आणि कशानं सुधारतात. तिनं माझ्या गावाची जपून ठेवलेली आधीची प्रत उघडली, चाळीस घरं होती तेव्हाची. शेजारी एक तक्ता उघडला. एक चित्र काढायला मशीनला किती वेळ लागतो आणि तो कशावर जातो, हे त्यात दिसतं. मी वीस वर्षं मशीन दुरुस्त करतोय, पण असा तक्ता बघायची अक्कल मला सुचली नव्हती.

"या चाळीस घरांनी फारसं काही होत नव्हतं," ती म्हणाली. "एकच घर चाळीस वेळा आहे, मशीन ते एकदाच लक्षात ठेवतं. निम्म्याहून जास्त वेळ इथं जातोय. हे कुणाचं घर?"

"आमचं," मी म्हणालो.

"अकरा हजार दगड आहेत यात. प्रत्येक दगड वेगळा घडवलाय तुम्ही. गावात कुठंही उभं राहा, पाठ करून उभं राहा, तरी मशीन हे दगड रंगवतच बसतं. सगळं ओझं तुमच्या घराचं आहे काका."

लिंबाजी उठून पडद्याजवळ आला. मी मधल्या घरात उभा केलेला कोनाडा, खुंटी, दगडी भिंत, सगळं त्यानं वाकून बघितलं. "हीच का ती भित?" त्यानं विचारलं.

पंचशीला म्हणाली, जरा चिडून, "चांगला पॅच काही काढून टाकत नाही. जे आत्ता समोर नाही ते तेवढ्यापुरतं रंगवत नाही आणि जे लांब आहे ते साधं करून दाखवतो. वस्तू जागेवरच राहते. काढून टाकायला काय, कुणालाही येतं." ती पॅच करून देते म्हणाली. लिंबाजीनं मात्र एक अट घातली.

"माझ्या मायचं एकटीचं घर न्हाई बांधायचं. बांधायची तर चाळीस. न् एकाची नक्कल दुसऱ्याला चालायची न्हाई."

मी फोनवर आईला विचारलं. माझ्या मनात होतं, तिनं एक घर म्हणावं. दिवस थोडे होते. आई म्हणाली, "त्याचं खरं हाय. होऊ दे चाळीस."

त्यानंतर तीन महिने मी दर रविवारी नांदेडला जात राहिलो. लिंबाजी सांगायचा, मी वहीत आखायचो. रत्नम्माच्या दारापुढं तुळस नव्हती, कढीपत्ता होता. शेषेरावच्या घराला दोन दारं, भाऊ-भाऊ वेगळे निघाले तेव्हाची. काही घरांपाशी तो थांबायचा आणि नुसता आकडा सांगायचा, या घरातले तीन, त्या घरातला एक. भूकंपात नव्हे, नंतर, आमच्यासारख्यांना उकरताना. तिकडं आईचं दिसणं आक्रसत चाललं होतं. श्रावणात तिला तांदळातले खडे दिसेनात. भाद्रपदात मी समोर बसलो तर माझं नाक-तोंड दिसायचं, कान दिसायचे नाहीत. रोज सकाळी ती विचारायची, "कितवं घर झालं?" सव्विसावं म्हटलं की बोटांवर उरलेली मोजायची. मला तिचा राग यायचा, लिंबाजीचा यायचा, स्वतःचा तर यायचाच. एकदा मी म्हणालोही, "आई, तुझ्यापुरतं एक दार आधी दाखवतो, लिंबाजीला कळणार नाही." ती म्हणाली, "त्येवढंच राहिलंय आता."

आमचं घर पंचशीलानं हलकं केलं. अकरा हजार दगडांची एक साधी भिंत झाली आणि तिच्यावर दगडांचं चित्र आलं. जवळ गेलं तरी फरक कळत नव्हता.

आश्विनातल्या एका रविवारी बापलेक लातुरात आले. गल्लीतली पोरं परीक्षेला गेली होती, दुकानात शांतता होती. लिंबाजीनं "जयभीम बाई" म्हटलं. आईनं आवाजाच्या दिशेनं तोंड केलं, त्याचा हात चाचपून धरला आणि बराच वेळ सोडला नाही. पंचशीलानं पॅच टाकला, चित्रं बावन्नवर गेली. आई खुर्चीवर बसली, पडद्याला नाक लागेल इतकी पुढं झुकून.

ती चालायला लागली. आता कुठं गचका नव्हता. कोंबड्या परत आल्या होत्या, लिंबाची पानं परत आली होती. पार, पाटलाची ओसरी, शाळा, सगळं मागं पडलं, तिनं कशाकडंही बघितलं नाही. ओढ्यात दगड टाकलेले होते, त्यांवरून ती पलीकडं गेली. आयुष्यात पहिल्यांदा गेली. घरं सुरू झाली तशी ती विचारायची, "हे कुणाचं?" आणि मागून लिंबाजी नाव सांगायचा. तेराव्या घरापाशी तो म्हणाला, "हे आमचं." कुडाची भिंत, पांढऱ्या मातीनं सारवलेली. दार उघडं. आत चूल, फडताळ, भिंतीवर बाबासाहेबांची तसबीर. आईनं बटण सोडलं.

"जा की आई," मी म्हणालो. "दार उघडंच आहे."

"बोलावल्याबिगर कसं जावं कुणाच्या घरात," आई म्हणाली. "तिनं कवा बोलावलं न्हाई मला. मी तरी कुटं बोलावलं तिला."

लिंबाजी आमच्या मागं बाकावर बसला होता. तो उठला नाही, त्यानं आवाजही चढवला नाही. "बोलवायची की बाई," तो म्हणाला. "दर वर्सी. चौदा एप्रिलला पुरणाचा सैपाक करायची न् सकाळी तुमच्या परसात येऊन सांगून जायची. तुमी म्हणायच्या, येते. घरी येऊन माय ताट वाढायची न् झाकून ठेवायची. दिवस बुडूस्तोवर आमाला त्याला हात लावू द्यायची न्हाई."

आईची पाठ माझ्याकडं होती, तोंड दिसत नव्हतं. "हाव," ती म्हणाली. "म्हणायचे मी, येते." मग लहान पोरीनं विचारावं तसं तिनं विचारलं, "मंग आता जाऊ का लिंबाजी?"

"जावा की. आमी कोन न्हाई म्हणनार?" लिंबाजी म्हणाला. "पर आता आत कोन हाय, बाई?"

आईचं बोट बटणावर होतं. ते तिनं दाबलं नाही. हात उचलून मांडीवर ठेवला आणि तशीच दाराकडं बघत बसली. पंचशीला उठून बाहेर पायरीवर जाऊन उभी राहिली. मी मशीन बंद करायला गेलो तर आईनं "ऱ्हाऊ दे" म्हटलं, म्हणून तसंच चालू ठेवलं. मला रडायला येत होतं आणि लिंबाजीसमोर रडायचा आपल्याला काय हक्क, असंही वाटत होतं.

जेवूनच जा, असा आईनं आग्रह केला. दुकानाच्या वरच आम्ही राहतो, तिथं नेऊन लिंबाजीला आणि पंचशीलाला तिनं पाटावर बसवलं, स्वतः चाचपडत वाढलं. आमटी सांडली, तिला कळलं नाही, कुणी बोललंही नाही. निघताना लिंबाजी वाकून म्हणाला, "आता नांदेडला या बाई एकदा. आमच्या घरी."

"येते," आई म्हणाली.

कार्तिकात तिचे डोळे पुरते गेले. लातूरहून नांदेडला सकाळपासून गाड्या आहेत, साडेतीन-चार तासांचा रस्ता. लिंबाजीचा फोन येतो, मी आईच्या हातात देतो, ती त्याची, पोरीची, सगळ्यांची विचारपूस करते आणि शेवटी तेच म्हणते. आम्ही अजून गेलेलो नाही.